हॅल्डनची खुर्ची

थॉर्व्हाल्ड ब्रेक्केने मोटार हमरस्त्याच्या कडेला लावली, किल्ली खिशात टाकली आणि उरलेला मैलभर तो रुळांमधून चालू लागला. हमरस्ता त्याचाच होता, म्हणजे तो रस्तेमंत्री असताना झाला होता, आणि त्या रस्त्याने थेट स्टेशनच्या दारापर्यंत जाता आलं असतं. पण स्टेशनात शिरायचं तर रुळांवरून, असं त्याचं साधं मत होतं. रुळांखालची आडवी स्लीपर ही चीजच अशी आहे की एकेकावर पाय टाकावा तर पाऊल आखूड पडतं, आणि एक सोडून टाकावा तर ढांग लांब होते. रेल्वेचा माणूस त्या अडखळत्या चालीवरून शंभर माणसांत ओळखू येतो. सोळा वर्षं विधानसभेच्या गालिच्यांवरून फिरूनही आपली चाल मोडलेली नाही, हे पाहून त्याला बरं वाटलं.

जून अर्धा सरला होता. गहू घोट्याएवढा झाला होता आणि सपाट रानावर ऊन असं साचलं होतं की हवा डुलत होती. समोर हॅल्डनची धान्याची तीन उंच कोठारं जमिनीपासून हातभर वर तरंगत होती. त्यांच्याखाली पाणी चमकल्यासारखं दिसत होतं, आणि पाणी तर तिथे औषधालाही नव्हतं. या मुलखात त्याचं कुणाला नवल नाही. उन्हाळ्यात गावं अशी सुटून वर येतात, आणि जवळ गेलं की मुकाट्याने खाली बसतात. ब्रेक्के त्या कोठारांकडे बघत चालला होता. मैल सरत होता तशी वर्षंही मागे सरतायत असं त्याला वाटत होतं. एकसष्टातून निघालेला माणूस पन्नाशीच्या वळणाशी आला होता, आणि आणखी थोडं चाललं की स्टेशनच्या वरच्या मजल्यावर, मास्तराच्या घरात, त्याची बायको आयडा केटली ठेवत असेल, तिने खिडकीतून ओरडून विचारलं असेल की चार-दहाची मालगाडी गेली का.

आयडाला जाऊन तीन वर्षं झाली होती, आणि गेली तीही प्रांताच्या राजधानीत, रेजायनाच्या इस्पितळात, दोघांनाही न आवडणाऱ्या शहरात. हे त्याला ठाऊक होतं. चालताना मात्र ते कुठेतरी मागे राहिलं होतं.

गेल्या महिन्यात तो निवडणुकीत पडला. पडला तोही सपाटून नाही, अठ्ठ्याऐंशी मतांनी. विरोधकांनी सभेसभेतून एकच टोमणा मारला होता, की ज्याने जन्मभर रेल्वेचं मीठ खाल्लं त्यानेच रस्ते बांधून रेल्वेच्या पोटावर पाय आणला. टोमणा खोटा नव्हता, म्हणून झोंबला. पण हॅल्डनच्या पेटीतून या खेपेलाही एकशे एकेचाळीस मतं त्याला आणि नऊ विरुद्ध निघाली. आधीच्या चारही निवडणुकांत हॅल्डनने त्याला असंच उचलून धरलं होतं. रेजायनात सभागृह अंगावर यायचं, वर्तमानपत्रं फाडून खायची, तेव्हा तो मनाशी हॅल्डनचे आकडे म्हणायचा आणि त्याला झोप लागायची.

आणि पडलेल्या आमदारासाठी रेल्वेत एक दार उघडं होतं. कामगारांच्या कुणी जुन्या पुढाऱ्याने कंपनीकडून कबूल करून घेतलेलं कलम होतं ते: लोकांनी निवडून दिलेल्या रेल्वेमाणसाची रजा कितीही लांबो, ज्येष्ठतेच्या यादीतलं त्याचं नाव चढतच राहतं. परत आला की तीस दिवसांत त्याने हवं ते स्टेशन मागावं आणि तिथल्या धाकट्याने निमूट उठावं. त्या धाकट्याने मग आपल्याहून धाकट्याला उठवायचं. यात कुणाचा अपमान नाही आणि कुणी कुणावर डूख धरत नाही. यादी भिंतीवर टांगलेली असते, ती सगळ्यांना दिसते.

ब्रेक्के आता त्या यादीत सर्वांत वर होता. आजचा दिवस तिसावा होता आणि मुदत पाच वाजता संपत होती. महिनाभर तो का थांबला हे त्याचं त्यालाही नीट सांगता आलं नसतं. बहुधा पोराने ताटातला गोड घास शेवटी ठेवावा, तसं काहीसं होतं.

कोठारं जमिनीवर उतरली तेव्हा स्टेशन दिसलं. विटलेला लाल रंग, उतरतं छप्पर, फलाटाच्या कडेने वाटाण्याच्या फुलांची वेल. ती वेल आयडाने लावली होती. कुणीतरी तिला नव्या दोऱ्या बांधल्या होत्या.

टेकला होरबाय खिडकीपाशी तारयंत्राच्या टेबलाशी बसून लिहीत होती. तो दारात उभा राहिला तरी तिने ओळ पुरी केली, तार वाजवायच्या खटक्यावर दोनदा बोट आपटलं, मग वर पाहिलं. छत्तीस वर्षांची होती ती आता. वीस वर्षांची असताना, लढाईच्या दिवसांत पुरुष मिळेनासे झाले म्हणून, ब्रेक्केने तिला हाताखाली घेतलं होतं. त्यानेच तिला तार शिकवली, आणि निवडून आल्यावर स्वतःच्या खुर्चीत तिला बसवून तो रेजायनाच्या गाडीत चढला होता.

"आलात," टेकला म्हणाली. "मला वाटलं सकाळीच याल."

"सकाळच्या गाडीनेच येणार होतो. तिकीटखिडकीवाला हसला."

"चार वर्षं झाली ती बंद होऊन. तुमचा रस्ता झाल्यावर तिच्यात बसायचं कुणी?" तिने हे हवापाणी सांगावं तशा सुरात सांगितलं. "बसा. कॉफी टाकते."

बसायला गेला तर बाकावर दोरीने बांधलेली पेटी होती. भिंतीपाशी आणखी दोन होत्या, वर खडूने लिहिलेलं: भांडी, पांघरुणं, आईचे देव. शेल्फावर एकही कप उरला नव्हता. टेकलाने भांड्यांची पेटी सोडून दोन कप काढले.

"हे काय? मी तर अजून तोंडसुद्धा उघडलेलं नाही."

"यात सांगायचं काय आहे? यादी भिंतीवर आहे. तुम्ही पडलात त्याच्या दुसऱ्या दिवशी आईने पांघरुणं बांधायला घेतली." ती शेगडीकडे वळली. "हिची झडप अर्धीच उघडायची, नाहीतर धूर येतो."

"ती मीच तशी करून ठेवली होती."

"असेल. मी सोळा वर्षं शिव्या घालत होते, आता कळलं कुणाला."

जिन्याच्या वरून म्हातारा, खणखणीत आवाज आला.

"टेकला! तो आला का गं?"

"आलाय, आई."

"मतं मागायला आलाय का घर मागायला?"

ब्रेक्के हसला. टेकलाची आई पारास्का गावभर प्रसिद्ध होती. निवडणूक आली की डोक्याला रुमाल बांधून, बटाट्याचं सारण भरलेल्या उकडलेल्या पायरोहींची टोपली काखेत मारून ती घरोघर फिरायची. ब्रेक्केला मत द्या म्हणायची, आणि जो हो म्हणेल त्याच्या ताटात पायरोही वाढायची. जिंकल्यावरच्या प्रत्येक भाषणात ब्रेक्केने या मायलेकींचं नाव घेतलं होतं. एकदा तर सभागृहात मंत्री म्हणून बोलतानाही, की माझ्या गावी एक तारमास्तरीण आहे, तिच्यासारखी माणसं आहेत तोवर या प्रांताला मरण नाही. बाकं वाजली होती.

"तू कुठे जाशील?" त्याने विचारलं.

"सोळा वर्षांच्या ज्येष्ठतेवर? उत्तरेला जंगलात एक ठाणं मिळतंय. पाण्याची टाकी, सिग्नल आणि डास."

"आणि आई?"

"आईला डास चावत नाहीत. भितात."

कॉफी कडक आणि गोड होती. टेबलावरचं यंत्र मधूनमधून कडकट्ट करत होतं. आवाज नीट यावा म्हणून त्याच्यामागे तंबाखूचा रिकामा डबा लावलेला होता. ब्रेक्के डोळे अर्धे मिटून बसला होता. खिडकीतून येणारं ऊन फरशीवर पसरलं होतं, वर आयडाच्या खोलीत पावलं वाजत होती. पावलं पारास्काची होती. डोळे मिटलेले असले की त्याने फारसं काही बिघडत नव्हतं.

"टेकला," तो म्हणाला, "मनात काही ठेवू नकोस. मला दुसरीकडे कुठे जायचंच नाही. सगळ्या मतदारसंघाने लाथाडलं, हॅल्डनने नाही. एकशे एकेचाळीस, आणि समोर नऊ. माझं घर हेच आहे. माझी माणसं इथे आहेत."

टेकलाने कप खाली ठेवला आणि ती त्याच्या कानाकडे पाहत राहिली.

"सांग त्याला," वरून आवाज आला.

"आई, तू पड जरा."

"सांगतेस का मी खाली येऊ? आणि मी खाली आले तर गुडघे कोण दाबणार? गेले कुणापायी गुडघे?"

"काय सांगायचंय?" ब्रेक्केने विचारलं.

टेकलाने एप्रनला हात पुसले. ते कोरडेच होते.

"तुम्ही निवडून यावं असं आम्हाला मनापासून वाटायचं," ती म्हणाली. "त्यात काही खोटं नाही. तुम्ही निवडून आलात की चार वर्षं हे स्टेशन माझं. पडलात की तुम्ही परत येणार. म्हणून आई फिरायची. आणि मी पार्सल सोडवायला येणाऱ्या प्रत्येकाला सांगायचे, की बाबांनो, पोटापाण्याचा प्रश्न आहे, द्या ब्रेक्केला मत. लोकांनी आमच्याकडे बघून दिली."

ब्रेक्केला आधी ते नीट उमगलं नाही. मग त्याने हसायचा प्रयत्न केला.

"म्हणजे मला तिकडे..."

"डांबून ठेवायला," पारास्का जिन्यावरून म्हणाली. "सोळा वर्षं रेजायनात डांबून ठेवला तुला. सोपं काम होतं होय?"

"आणि ते नऊ?" त्याने विचारलं. विचारायला नको होतं, पण विचारलं गेलं.

"ते नऊ तुझे," म्हातारी म्हणाली. "त्यांना तू परत हवा होतास."

यंत्र दुसऱ्या कुठल्या स्टेशनाला हाका मारत होतं. ब्रेक्केला वाईट वाटलं, फार वाईट वाटलं, आणि त्या वाटण्याला कुठे ठेवावं हे त्याला कळेना. निवडणूक हरल्यावर त्याने स्वतःला सांगितलं होतं की मतं येतात नि जातात. मग हॅल्डनची मतं त्याने मतांत धरलीच नव्हती की काय? त्या आकड्यांवर तो सोळा वर्षं झोपला होता. भाषणांत ज्यांचे आभार मानले त्या मायलेकी घरी बसून काय म्हणत असतील, हे मनात येऊन त्याचे कान तापले. त्याला टेकलाचा राग आला. ती खरं बोलली होती, म्हणून तर अधिकच आला.

"ऊठ," तो म्हणाला.

या सुरात तो तिच्याशी कधीच बोलला नव्हता. टेकला लगेच उठली. खुर्चीवरची उशी तिने उचलून घेतली, कारण ती तिची स्वतःची होती, बसायची फळी हाताने झटकली आणि खुर्ची त्याच्याकडे वळवली. दाव्याची तार दावा करणाऱ्यानेच स्वतःच्या हाताने वाजवायची, असा या फाट्यावरचा रिवाज होता. उठवल्या जाणाऱ्याला आपल्याच गच्छंतीची तार करायला लावू नये एवढी माणुसकी जुन्या लोकांनी ठेवली होती. उत्तरही त्यानेच घ्यायचं. आणि उत्तर ऐकून ओके दिल्याशिवाय दावा पुरा होत नसे.

टेकला खिडकीपाशी जाऊन पाठ करून उभी राहिली. तोही रिवाजच होता.

ब्रेक्केने खटक्यावर बोटं ठेवली आणि विल्मॉटच्या मुख्य ठाण्याला हाक दिली. हात काही विसरला नव्हता. मनगट सैल, बोटं हलकी, अक्षरामागून अक्षर पाण्यासारखं वाहत होतं. थॉर्व्हाल्ड ब्रेक्के, ज्येष्ठता चव्वेचाळीस वर्षं, हॅल्डन स्टेशनवर दावा करतो. तार संपली तेव्हा त्याच्या छातीत इतकं मोकळं वाटलं की क्षणभर तो मघाचं सगळं विसरला. वर आयडाची खोली होती. बाहेर आयडाची वेल होती. सोमवारपासून तो रोज सकाळी फलाट झाडणार होता.

मग विल्मॉटहून उत्तर आलं.

ते डब्यावर गारा पडाव्यात तसं आलं. त्याने पेन्सिल टेकवली. पहिलं अक्षर त्याचं स्वतःचं होतं, तेवढं ओळखलं. दुसरं ओळखेपर्यंत पाच पुढे गेली होती. तो एकेका आवाजामागे धावला, आणि आवाज धावणाऱ्याला कधी सापडत नाही. पूर्वी जेवता जेवता, तिकीट फाडता फाडता, आयडाशी भांडता भांडता तो तार घ्यायचा. कान आपलं काम करायचा, त्याला मध्ये पडावं लागत नसे. नंतर सोळा वर्षं तो बोलत राहिला आणि दुसरी माणसं लिहून घेत राहिली. मध्येच एक शब्द कळल्यासारखा वाटला, तो कदाचित 'सोमवार' असेल. उत्तर थांबलं. कागदावर एकच अक्षर होतं.

विल्मॉट ओकेची वाट पाहत होतं.

ओके म्हणजे दोन अक्षरं. ती देता येणं काही कठीण नव्हतं. न ऐकलेल्याला मान डोलवायची विद्या तर त्याला चांगलीच आली होती. किती शिष्टमंडळं, किती निवेदनं, किती शेतकरी टोप्या हातात धरून बोलत उभे, आणि तो मनात दुसरंच काही घोळवत म्हणत असायचा, ऐकलं, लक्षात आहे, बघतो. त्याने कुणी मेलं नव्हतं. निदान लगेच तरी नाही. त्याचं बोट खटक्यावर गेलं.

पण तो खटका सभागृहातला नव्हता. एकेरी रूळ, समोरासमोरून येणाऱ्या दोन गाड्या, आणि मध्ये एका स्टेशनात बसलेला तारवाला, ज्याने हुकूम नीट न घेता ओके दिलं: ही गोष्ट प्रत्येक शिकाऊला पहिल्याच दिवशी सांगतात. टेकलाला ती ब्रेक्केनेच सांगितली होती, याच टेबलाशी, आणि ऐकून तिने दोन दिवस खटक्याला हात लावला नव्हता.

यंत्र पुन्हा वाजलं. हॅल्डन, हॅल्डन. एवढं मात्र त्याला कळलं.

त्याने बोट काढून घेतलं.

"टेकला."

"हं."

"मला कळलं नाही."

ती वळली.

"अक्षरं येतायत," तो म्हणाला, "पण हाताला लागत नाहीत. मला घेता आलं नाही. काहीच कळलं नाही मला."

हे शब्द त्याने किती वर्षांत तोंडातून काढले नव्हते कुणास ठाऊक. टेकला क्षणभर कागदावरच्या त्या एकट्या अक्षराकडे बघत राहिली. तिने तार ऐकली होती, पाठ फिरवली म्हणून कान काही मिटत नाहीत. काय आलं ते तिने सांगितलं नाही. ती त्याच्या खांद्यावरून वाकली आणि खटक्यावर तीनच शब्द वाजवले. पलीकडून काहीतरी झटकन आलं, तशी ती हसली.

"काय म्हणाला?"

"म्हटलं, पुन्हा पाठव, हळू. तर विचारतोय, नवीन शिकाऊ कोण आणलास."

मग उत्तर हळूहळू आलं, म्हाताऱ्या माणसाने जिना उतरावा तसं. तरीही ब्रेक्केला निम्मंच घेता आलं. उरलेलं टेकलाने त्याच्या हातातली पेन्सिल घेऊन लिहिलं. दावा मान्य. सोमवारपासून हॅल्डन ब्रेक्के यांच्याकडे. होरबाय यांनी आपली निवड आजच कळवावी. आणि त्याखाली, नियमात न बसणारी एक ओळ: थॉर, घरी आलास, बरं झालं.

त्याने ते दोनदा वाचलं.

"ही शेवटची ओळ तू लिहिली नसतीस तरी चाललं असतं," तो म्हणाला. "पहिली उलटी लिहिली असतीस तरी मला कळलं नसतं."

"आलं ते लिहायचं. तुम्हीच शिकवलंत." तिने पेन्सिल खाली ठेवली. "कान परत येतो म्हणतात. महिन्या-दोन महिन्यांत. काहींचा."

"आणि त्या महिन्यात गाड्यांचं काय?"

टेकलाने वर पाहिलं. भिंतीवरच्या घड्याळात चारला दहा कमी होते. चार-दहाच्या मालगाडीचा हुकूम आता केव्हाही येणार होता, आणि तो हळू येणार नव्हता.

ब्रेक्के जिन्याकडे बघत राहिला. वर जायला बारा पायऱ्या होत्या. त्याला तिथे फार जायचं होतं. बारा पायऱ्या चढल्या की आयडा नव्हती, हेही त्याला आता या खुर्चीतून स्पष्ट दिसत होतं. टेकलाने हळूच म्हटलं, "गाडीच्या आधी काय ते सांगावं लागेल."

त्याने खुर्ची पुढे ओढली. दावा मागे. ब्रेक्के. हात पुन्हा तसाच सुरेख चालला. दावा एकदा मागे घेतला की यादीतलं नाव कायमचं पुसलं जातं, हे खोलीतल्या दोघांनाही माहीत होतं. मग पलीकडून एक छोटासा प्रश्न आला.

"काय?" त्याने विचारलं.

"कारण विचारतोय."

ब्रेक्केने विचार केला. सोळा वर्षांत त्याने पुष्कळ गोष्टींची पुष्कळ लांबलचक कारणं दिली होती. त्याने एकच शब्द वाजवला: कान.

उत्तरादाखल दोन अक्षरं आली. तेवढी मात्र त्याला कुणी सांगावी लागली नाहीत.

तो उठला. टेकलाने उशी पुन्हा खुर्चीवर ठेवली, पण बसण्याआधी ती जरा वेळ खुर्चीच्या पाठीला धरून उभी राहिली. तिचे ओठ हलत होते. मग तिने जिन्याकडे तोंड करून हाक मारली.

"आई, पांघरुणं सोड."

"काय?"

"जायचं नाही. इथेच राहायचंय."

वर पेटी सरकल्याचा आवाज झाला. "दोन दिवस गाठी मारत बसले मी," पारास्का म्हणाली. "आता म्हणजे याला पुन्हा निवडून आणायचं की काय? माझ्याच्याने होणार नाही, सांगून ठेवते."

"नाही, आई. आता त्याची गरज नाही."

"मग त्याला जेवायला थांबव. मतं न मागता कधी जेवलाय तो आपल्याकडे?"

टेकलाने ब्रेक्केकडे पाहिलं. तिच्या डोळ्यांत पाणी होतं आणि ते लपवायचा तिने काही खटाटोप केला नाही. तिने आभारही मानले नाहीत, आणि ब्रेक्केला ते बरं वाटलं.

चार-दहाची मालगाडी वेळेवर आली. टेकला लांब काठीला हुकूम अडकवून फलाटाच्या कडेला उभी राहिली, इंजिनातून एक हात बाहेर आला, कागद घेऊन गेला, आणि मग डब्यांमागून डबे जात राहिले, एकशे काही तरी, धुळीत, उन्हात. शेवटचा डबा लहान होत होत जमिनीवरून सुटला आणि थोडा वेळ हवेत तरंगत गेला.

ब्रेक्के बाकावर, सोडलेल्या पेटीशेजारी बसला होता.

"जरा बसलो तर चालेल?" त्याने विचारलं.

"सगळ्यांसाठीच आहे तो बाक."

ती आपल्या कामाला लागली. यंत्र वाजत होतं, थांबत होतं, पुन्हा वाजत होतं. ब्रेक्के डोळे मिटून ऐकत राहिला. तो आता कशामागे धावत नव्हता. धान्य चाळणीतून पडावं तसं ते पडत होतं, आणि तो नुसता तिथे होता. वरून कांदा परतल्याचा वास येऊ लागला. किती वेळ गेला कुणास ठाऊक. फरशीवरचं ऊन भिंतीवर चढलं होतं, तेव्हा त्या पडण्यातून एक शब्द आपसूक सुटा झाला आणि त्याच्यापुढे येऊन बसला.

"कोंबडीची पिल्लं," तो म्हणाला.

टेकला लिहीत होती. "हं?"

"बर्च कूलीहून पिल्लं येतायत. उद्याच्या मालगाडीने."

"किती खोकी?"

त्याने कान दिला, पण ते पुढे निघून गेलं होतं.

"तेवढं कळलं नाही."

"मग बसा," टेकला म्हणाली, आणि तिने पान उलटलं.